खिडकीखालची रेघ

मी शाळेत गणित शिकवते, तेही पाचवी-सहावीला, म्हणजे ऐन अपूर्णांकांच्या वयात. एका पूर्णाचे हवे तेवढे तुकडे करा, परत जोडले की पूर्णच होतो, हे मी एकोणीस वर्षं पोरांच्या डोक्यात भरवत आले आहे. त्यामुळे आमच्याच घरातली वाटणी जेव्हा पूर्णापेक्षा जास्त भरली, तेव्हा मला आधी गंमत वाटली आणि लाज नंतर. हे सांगायला नको खरं तर, कारण ज्या बहिणीच्या दुकानाची वाटणी होती तिला जाऊन चाळीस दिवसही झाले नव्हते.

आम्ही तिघी सख्ख्या बहिणी. आई-वडील केव्हाच गेले, भाऊ नाही. गेली ती मधली. बायकांचे कपडे शिवायची, आणि असे शिवायची की गिऱ्हाईक एकदा आलं की दुसऱ्या दुकानाची पायरी चढत नसे. तिला मूलबाळ नव्हतं. तिचे यजमान, म्हणजे आमचे भाऊजी, तिच्याच दुकानात काजं-बटणं आणि हातशिलाई करायचे. सगळे त्यांना मास्टर म्हणतात. बावीस वर्षं दोघं एका खिडकीखाली बसली, ती मशीनवर आणि हे सुई घेऊन.

दुकान तिचं स्वतःचं, तिच्या नावावर. लांबीला चौदा फूट, दोन्ही टोकांना दार, आणि सगळ्या लांबीत मिळून खिडकी एकच. भाऊजींच्या उजव्या डोळ्यात मोतीबिंदू आहे. खिडकीचा उजेड असला तर त्यांना सुईचं नेढं दिसतं, बल्बखाली ते नुसते अंदाज करतात. खिडकी गेली तर त्यांची सुई थांबणार, हे आम्हा सगळ्यांना माहीत होतं. तरी भांडण झालंच.

सुरुवात भाऊजींच्या घाईने झाली. त्यांनी कुणालातरी विचारलं, शरियतप्रमाणे मूल नसेल तर बायकोच्या मागे नवऱ्याला किती? उत्तर आलं, अर्धा. आयुष्यभर टेप-खडूत वावरलेला माणूस, त्याने टेप लावून सात फुटांवर खडूने रेघ मारली आणि त्याच दुपारी पार्टिशनसाठी प्लायवूड कापून आणलं. त्यांच्याकडच्या दारापासून मोजलं तर ती खिडकी पाचव्या फुटाला सुरू होते आणि सातव्याला संपते. म्हणजे अख्खी खिडकी त्यांच्या बाजूला.

मोठी आपा प्लायवूड बघून तशीच परत फिरली. तिनेही कुणालातरी विचारलं, मूल नाही, आई-बाप नाहीत, भाऊ नाही, दोन सख्ख्या बहिणी आहेत, तर त्यांना किती? उत्तर आलं, दोन तृतीयांश. दुसऱ्या दिवशी ती खडू घेऊन आली आणि भाऊजींकडच्या दारापासून चार फूट आठ इंचांवर आपली रेघ मारली. अख्खी खिडकी आमच्या बाजूला.

"ही कुठली रेघ?" भाऊजींनी विचारलं.

"धर्माची," आपा म्हणाली.

"मग माझी काय अधर्माची?"

आपाने पर्स काखेत घेतली. आमच्या आपाचा स्वभाव म्हणजे सुंभ जळेल पण पीळ जाणार नाही. त्यानंतर दोघं बोलेनाशी झाली आणि निरोप्याचं काम माझ्याकडे आलं. सुंठीवाचून खोकला गेला असता तर मलाही हवंच होतं, पण माझं चित्त भलतीकडेच होतं. मी दोन रेघांच्या मधल्या पट्ट्याकडे बघत उभी राही. दोन फूट चार इंच. हा पट्टा दोघांचाही होता. अर्धा अधिक दोन तृतीयांश म्हणजे सात षष्ठांश. उत्तर देणारे दोघं जाणते होते, दोघं बरोबर होते, आणि बेरीज चुकत होती. माझ्या वर्गात असं कुणी लिहिलं असतं तर मी लाल पेनने गोल केला असता. इथे गोल कुणाभोवती करायचा?

शेवटी मी दोघांना न विचारता भागाकार मौलानांकडे गेले. हे नाव त्यांना पोरांनी दिलेलं आहे आणि त्यांनाही ते माहीत आहे. त्यांचं पुस्तकबांधणीचं दुकान आहे, पण वारशाचा गुंता झाला की लोक तिथेच जातात. ते म्हणाले, "कागदावर नको, जागेवर बघू," आणि खळीचे हात धुऊन माझ्याबरोबर निघाले. मी आपाला फोन करून बोलावलं. मौलाना येणार म्हटल्यावर तिला नाही म्हणता येईना.

मौलानांनी दोन्ही रेघांकडे पाहिलंच नाही. आधी माणसं विचारली. आजोबा आहेत का? नाहीत. सावत्र कोणी? नाही. मुलगा, मुलगी, मुलाचं मूल? नाही. देणी फेडलीत? फेडली. वसियत, मृत्युपत्र? काही नाही. प्रत्येक 'नाही'ला ते एक बोट मिटत होते, कारण त्यातला एक जरी निघाला असता तरी सगळे आकडे बदलले असते. मला हे फार आवडलं. आमच्या पुस्तकात आधी आकडे येतात आणि माणसं नंतर, 'रामला चार आंबे' इतपतच.

"दोन्ही हिस्से बरोबर आहेत," मौलाना म्हणाले. आपा आणि भाऊजी दोघांनी एकाच वेळी मान डोलावली. गेल्या पंधरा दिवसांतलं त्यांचं पहिलं एकमत.

"पण मावत नाहीत," मी न राहवून म्हटलं.

"नाही मावत. बाई, तुम्हाला वाटलं हा पेच तुम्हालाच सापडला? दुसऱ्या खलिफांपुढे पहिल्यांदा आला तो हाच, असं सांगतात. नवरा आणि दोन बहिणी." मग ते भाऊजींकडे वळले. "मास्टर, एक सांगा. एक बाई कापड घेऊन आली. तीन पोरींचे झगे शिवायचेत आणि कापड कमी भरलं. परत तसलं मिळणार नाही. तुम्ही काय करता? धाकटीचा झगा शिवतच नाही?"

"असं कसं? ती पोर रडेल," भाऊजी म्हणाले. "तिघींचा घेर थोडा थोडा कमी करायचा. मोठीचा जास्त निघतो, धाकटीचा कमी. पण काढायचा सगळ्यांतून."

"मग तुमच्या रेघेत तुम्ही सगळं कापड बहिणींचं कापलंत. आणि आपा, तुम्ही सगळं मास्टरांचं." दोघं आपापल्या रेघेकडे बघू लागली. मौलाना म्हणाले, "सहाचे भाग धरले तर तीन मास्टरांचे, चार बहिणींचे. झाले सात. मग सहा विसरा. दुकानाचे सातच भाग करा. तीन यांचे, दोन-दोन तुम्हा दोघींचे. काही जाणते ही रीत मानत नाहीत, म्हणतात तूट बहिणींनीच सोसावी. आपल्याकडे तूट सगळ्यांची."

मी मनातल्या मनात ताळा करून पाहिला. प्रत्येकाच्या हिश्श्यातला बरोबर सातवा भाग गेला होता, कुणाचा कणभर जास्त नाही, कमी नाही. मला खरंच आनंद झाला. बहिणीच्या दुकानात उभं राहून असा आनंद व्हावा याचं वाईटही वाटलं, पण तिला मी हे सांगितलं असतं तर ती तोंडातली टाचणी काढून हसली असती.

"बाई, मारा रेघ," मौलाना म्हणाले.

चौदाचे सात भाग, दोन-दोन फुटांचे. भाऊजींचे तीन म्हणजे सहा फूट. मी टेप लावला, वाकले, रेघ मारत भिंतीपर्यंत गेले आणि मान वर केली. रेघ खिडकीच्या बरोबर मधोमध आली होती. डाव्या अंगाला भाऊजींचं टेबल. उजव्या अंगाला मधलीचा स्टूल, बसून बसून मधे खोलगट झालेला.

पलीकडच्या आठ फुटांत कुणी कुठला भाग घ्यायचा ते लगेच ठरलं. मी मागच्या दाराकडचे चार घेतले, मला अंधारात पेपर तपासायची सवय आहे. खिडकीकडचे चार आपाचे. मौलाना जाता जाता दारात थांबले. "आता ज्याचं ते त्याचं झालं. द्यायचं-घ्यायचं ते यापुढे. आधी कुणाचं काही नव्हतंच, मग देणार काय?"

भाऊजी म्हणाले, "मला माझ्यापुरता उजेड मिळाला. मी आधीपासून याच बाजूला बसायचो." त्यांनी रेघेपलीकडे बोट केलं. "अख्खी खिडकी मागितली ती त्या स्टूलासाठी. तिथे दुसरं कुणी बसलेलं मला बघवणार नाही." ते उठले आणि स्टूल उचलायला रेघ ओलांडून गेले.

"मास्टर," आपा म्हणाली, "माझ्या हद्दीतल्या वस्तूला हात लावू नका."

ते वाकलेले तसेच थांबले. मला आपाचा इतका राग आला की हातातला खडू मोडला.

"तो स्टूल तिथेच राहील," आपा म्हणाली. "त्यावर कुणी बसणार नाही. मी पण नाही. मी काय भाड्यासाठी भांडत होते? मला वाटलं तुम्ही तिची जागा भिंत घालून आमच्यापासून तोडताय." तिने पदर डोळ्यांना लावला आणि लगेच सोडला. "ते प्लायवूड परत द्या. खिडकीत कुणी भिंत घालतं का? आणि टेबल फूटभर इकडे सरकवा. ढग आले की तुम्हाला तेवढा उजेड पुरायचा नाही."

आम्ही तिघांनी मिळून टेबल उचललं आणि स्टूलाला न लावता एक फूट पलीकडे ठेवलं. भाऊजी बसले. सुई खिडकीकडे धरली आणि पहिल्या खेपेलाच दोरा ओवला.

मी खालच्या रेघा पुसायला ओलं फडकं आणलं. भाऊजींची सात फुटांची रेघ पुसली, आपाची चार फूट आठ इंचांची पुसली. मग सहा फुटांच्या रेघेवर फडकं टेकवलं, तर आपाने माझा हात धरला.

"ही राहू दे," ती म्हणाली. "ही पुसली तर मी काय दिलं ते कळणार कसं?"