टोपीकाकांना दिसलेली फुला

वसंतरावांना एकच ध्यास लागला होता: मरण्याआधी कुणीतरी आपल्याला ओळखावं. टीव्ही नवानवा आला तेव्हा दर शनिवारी 'टोपीकाका' होऊन त्यांनी आठ वर्षं घरोघरच्या पोरांना हसवलं होतं, आणि आता भोरच्या बाजारातली भाजीवाली त्यांना 'ओ पेन्शनर' अशी हाक मारायची. म्हणून गुंजवण्याच्या शाळेनं स्नेहसंमेलनाला बोलावलं तेव्हा त्यांनी जुनी गोंड्याची टोपी स्वतः धुतली, आणि गाडी चालवणाऱ्या नातीला, शुभ्राला, रस्ताभर किस्से ऐकवून वात आणला.

मुख्याध्यापक सोमनाथसरांनी ओळख करून दिली ती 'थोर समाजसेवक' म्हणून! वसंतरावांनी टोपी चढवली, डोळे फिरवले, कोंबड्यासारखं आरवून दाखवलं. पोरं नुसती बघत बसली. पहिल्या रांगेतल्या एकीनं तर चांगली आळोखेपिळोखे देऊन जांभई दिली. बिचाऱ्यांना घाम फुटला.

शेवटचा उपाय म्हणून त्यांनी टीव्हीवर दर शनिवारी कार्यक्रम संपवायचं ठरलेलं वाक्य काढलं. समोर बोट रोखून ते ओरडले, "ए मागची, दोन वेण्यांची! आधी नाक पूस बघू!"

तशी बायकांच्या घोळक्यातून पन्नाशी उलटलेल्या फुलाबाई ताडकन उठल्या. "ह्योच त्यो! आस्संच म्हनला हुता मला!"

मंडपात हशा पिकला. सोमनाथसर वसंतरावांच्या कानाशी लागले. "फुलाकाकू लहानपणी चावडीवरच्या टीव्हीपुढं बसल्या होत्या. तुम्ही हे बोललात आणि त्यांना वाटलं, टीव्हीतून तुम्हाला त्याच दिसल्या. तेव्हापासून गाव त्यांना वेड्यात काढतंय."

फुलाबाई पदर खोचून स्टेजपाशी आल्या. "पंचेचाळीस वर्सं झाली. नवऱ्यानं चिडवलं, लेकानं चिडवलं, आता नातवंडं चिडवत्यात. तुमीच सांगा समद्यांम्होरं. म्या दिसले हुते का न्हाई?"

खरं सांगायचं तर स्टुडिओत समोर फक्त कॅमेरा आणि त्यामागं तंबाखू मळणारा कॅमेरामन दिसायचा. ते वाक्य उरलेले दहा सेकंद भरण्यापुरतं होतं. दोन वेण्या आणि वाहतं नाक असलेली एखादी पोर कुठल्याही टीव्हीपुढं सापडायचीच. पण आज इतक्या वर्षांनी एका बाईनं त्यांना ओळखलं होतं, आणि तिच्या डोळ्यांत पाणी उभं होतं.

"दिसला होतात की!" ते माईकवर म्हणाले. "अगदी स्पष्ट. दोन वेण्या, लाल रिबिनी."

फुलाबाईंनी डोळे बारीक केले.

"हिरव्या हुत्या."

सोमनाथसरांनी मान खाली घातली. शुभ्रानं कपाळाला हात लावला.

"अहो बाई," वसंतराव म्हणाले, "तेव्हा टीव्ही काळापांढरा होता. रंग कसा कळणार?"

फुलाबाईंनी पटल्यासारखी मान डोलावली. मग गर्रकन वळून त्या अख्ख्या गावावर डाफरल्या, "आता बोला की! का दातखीळ बसली?"