बंधाऱ्यावरचं शेवटचं रीळ

मित्रांनो, माझ्यात बॅटरी नाही. घड्याळाला द्यावी तशी चावी दिली की मी चालतो. मी सिनेमाचा जुना कॅमेरा आहे, चेकोस्लोव्हाकियात घडलेला. त्या नावाचा देश आता नकाशात सापडत नाही, मी मात्र आहे.

माझे मालक ओताकार. ब्रनो शहरात वाढले, प्रागमध्ये छायाचित्रण शिकले. काचकारखान्यांच्या भट्ट्या, बर्फात अडकलेली खेडी, शाळेला निघालेली मुलं, सगळं आम्ही जोडीनं टिपलं. लोक म्हणायचे, ओताकारांच्या चित्रात थंडीसुद्धा दिसते. मग ओसाकाच्या जागतिक प्रदर्शनाचं चित्रीकरण करायला आम्ही जपानला आलो. तिथे दुभाषी म्हणून फुमिको-सान भेटल्या आणि परत जाणं राहूनच गेलं.

पुढे व्हिडिओ आला. मी कपाटात गेलो, तो कितीतरी वर्षं तिथेच.

२०११च्या मोठ्या भूकंपानंतर सेंदाईजवळच्या फुमिको-सानच्या माहेरच्या गावावरून समुद्र फिरून गेला. तिथे वीज नव्हती. चावीवर चालणारा मीच तेवढा उपयोगाचा होतो. त्यानंतर दर वसंतात आम्ही त्या गावी जायचो. शेवटच्या खेपेला फुमिको-सान नव्या बंधाऱ्यावर पाठमोऱ्या चालत होत्या. ओताकारांनी हाक मारली. त्या वळल्या, हसल्या, म्हणाल्या, "पुरे आता, गारठले मी." वर्ष संपायच्या आत त्या गेल्या.

ते रीळ माझ्या पोटातच राहिलं. ओताकारांना मोतीबिंदू झाला होता. म्हणायचे, "डोळे नीट होऊ देत, मग धुवायला देईन. तिला धूसर नाही बघायचं."

ऑपरेशनला जाताना त्यांनी मला टोकियोच्या निशी-कसाई भागातल्या आमच्या शेजारणीकडे, वृंदाताईंकडे ठेवलं. माझ्या झाकणाभोवती काळी पट्टी चिकटवली होती. आमच्या धंद्यात तिचा अर्थ एकच: आत फिल्म आहे, उघडू नका. तो सगळ्या जगाला ठाऊक असेल असं ओताकारांना वाटलं.

वृंदाताईंनी मला जीव लावला. भूकंपात पडू नये म्हणून फळीला पट्ट्यानं बांधलं. लेक रुचा जवळ आली तरी ओरडायच्या, "लांबून बघ." आणि मग आली खंडेनवमी.

"लॅपटॉपवर हळद सांडू नकोस, सोमवारी मीटिंग आहे," वृंदाताईंचे यजमान शशांकराव म्हणाले.

"मागच्या वर्षी पूजा टाळलीत, मग हार्ड डिस्क कुणाची गेली?"

"ममा, ओजीसानच्या कॅमेऱ्यालाही कुंकू?" रुचानं विचारलं.

"आजोबांचं हत्यार आहे ते. पण आधी स्वच्छ हवं."

खोबरेल लावून त्यांनी ती मळकट पट्टी सोडवली. मित्रांनो, मला बघता येतं, ओरडता येत नाही. झाकण उघडलं. खिडकीतलं ऊन थेट पोटात शिरलं. आत रीळ दिसलं, पण चित्रं एकदा काढली की ती पक्कीच, असं त्यांना वाटलं. त्यांनी कापसानं कोपरान् कोपरा टिपला, झाकण लावलं, वर झेंडूचं फूल ठेवलं. इतक्या मायेनं मला कुणी पुसलं नव्हतं.

ओताकार परतले. वृंदाताई कौतुकानं म्हणाल्या, "ओताकार-सान, आतूनसुद्धा पुसलाय हं."

"आतून?" त्यांची बोटं पट्टीची जागा चाचपत राहिली. "दिवा लावून?"

"छे, भरपूर ऊन होतं."

ओताकारांनी सावकाश समजावून सांगितलं: रसायनात धुवेपर्यंत फिल्मवरची चित्रं पक्की नसतात, ऊन लागलं की जातात. "मला वाटलं, मी सांभाळतेय," वृंदाताई म्हणाल्या.

रीळ धुऊन आलं. ओताकारांच्या खोलीत भिंतीवर ते दाखवलं. आधी टिपलेलं आतल्या वेढ्यांत असतं, म्हणून ते वाचलं होतं: बंधारा, होड्या, फुमिको-सानची पाठ. हाक ऐकून मान जराशी वळली आणि तिथून पुढे भिंत नुसती पांढरी. ओताकारांचे डोळे आता लख्ख झाले होते. ते पांढरंही त्यांना स्वच्छ दिसलं.

"परत लावा," ते म्हणाले. वृंदाताईंनी परत लावलं. मान तेवढीच वळली.

मित्रांनो, टाकून दिलेल्या वस्तूंच्या कहाण्या तुम्ही ऐकल्या असतील. मी टाकलेला नाही. म्हणून माझं मागणं वेगळं आहे. दुसऱ्याची वस्तू जपायला घ्याल, तेव्हा तिच्यात त्यानं काय ठेवलंय ते आधी विचारा. आणि सोपवणाऱ्यानंही न विचारता सांगावं.

वृंदाताई अजून येतात. फडकं हातात असतं, पण दाराशीच थबकतात. "पुसू का?"

"पुसा," ओताकार म्हणतात. "आता आत काही नाही."