बिनकांद्याच्या चार

"ऐंशी वर्षं सांभाळलेले दात उद्या या कांद्यापायी जायचे," आई पुटपुटल्या. बोलणं स्वतःशीच होतं, पण पलीकडच्या माणसाला नीट ऐकू जाईल इतक्या आवाजातलं. "चिरलाय की फोडलाय, कोण जाणे."

वहिनीने मान वर केली नाही. कोपरापर्यंत बाह्या सारून ती परातीतला खिमा मळत होती. खिमा थेट फ्रीजमधून काढलेला, गारढोण. तसाच लागतो, नाहीतर टिक्क्या तव्यावर सुटतात. हा तिसरा आणि शेवटचा गोळा. बोटं केव्हाच बधिर झाली होती. खिम्यात आपला हात कुठे संपतो ते तिला पाहूनच कळत होतं.

"रात्रभर सॉसमध्ये राहिला की विरघळतो तो, आई."

"तोवर मीच विरघळेन," आई म्हणाल्या आणि पाव कुस्करू लागल्या.

आई म्हणजे तिच्या सासूबाई. उद्या त्यांना ऐंशी पूर्ण होणार होती आणि दुपारी बावन्न माणसं जेवायला येणार होती. वहिनी ही खरं तर एकट्या छोटीची, म्हणजे नणंदेची, वहिनी. पण ती लग्न होऊन आली तेव्हा सोळा वर्षांची छोटी उठताबसता 'वहिनी, वहिनी' करायची आणि ते सगळ्या घराने उचललं. आधी सासऱ्यांनी, मग शेजाऱ्यांनी, मग बेकरीवाल्याने, आणि शेवटी, नाइलाज झाल्यासारखं, सासूबाईंनीही. त्याला सव्वीस वर्षं झाली. ज्याच्यामुळे ती वहिनी झाली तो नऊ महिन्यांपूर्वी दोन बॅगा घेऊन गेला. नाव मात्र राहिलं. ते न्यायला कोणी आलं नाही.

बर्गरचा बेत छोटीचा. पंधरा दिवसांपूर्वी याच टेबलाशी बसून ती म्हणाली होती, "आदल्या दिवशी करून ठेवता येईल असं काहीतरी करू या. तुझे सॉसमधले बर्गर! मुरले की आणखीच छान लागतात. दुसऱ्या दिवशी नुसते ट्रे ओव्हनमध्ये सरकवायचे, पावात घालायचे, संपलं. तू मोकळी."

सगळ्यांना पटलं. वहिनीने मोकळं असावं यावर घरात एवढं एकमत पूर्वी कधी झालं नव्हतं. मोकळं कशासाठी, तेवढं विचारायचं राहून गेलं. पुढच्या आठवड्यात छोटीने बसचं तिकीट आणून पाण्याच्या तांब्याखाली ठेवलं. "किती वर्षांत बहिणीकडे राहिली नाहीस तू. जा, चार दिवस लोळ."

तिकीट आज संध्याकाळी सहाचं होतं. वहिनीची बॅग सकाळपासून दाराशी उभी होती. दूधवाल्याला ती दोनदा आडवी आली.

पाहुण्यांची यादी फ्रीजच्या दाराला चिकटवली होती. खिमा काढताना वहिनीने ती वाचली. छोटीने सगळं तपशीलवार लिहिलं होतं. कोणाला तिखट चालत नाही, कोणाला उंच खुर्ची लागेल, मामांचा कुत्रा आत घ्यायचा की बाहेर बांधायचा. मधेच एक ओळ होती. 'दादा – २'. कुत्र्याचंसुद्धा नाव होतं. दोनातल्या दुसरीचं नव्हतं.

वहिनीने दार लावलं होतं आणि खिमा मळायला घेतला होता.

या नऊ महिन्यांत तिला कोणी जा म्हटलं नव्हतं, आणि राहा असंही नव्हतं. मूलबाळ नव्हतं. सकाळी आईंच्या गोळ्या, दुपारी त्यांचं कोडं सोडवायला मदत, रविवारी छोटी आणि तिची पोरं जेवायला. दिवस आपले आपण चालत होते आणि ती त्यांच्याबरोबर.

छोटी आत आली ती हातात वही-पेन घेऊनच. "वहिनी, सांग आता. गरम कसं करायचं ते लिहून घेते. उद्या ऐन वेळी माझी तारांबळ नको."

"दीड तास आधी ट्रे बाहेर काढायचे."

"दीड तास आधी," छोटीने लिहिलं.

"मग मंद आचेवर तासभर. फॉइल काढायची नाही."

"काढायची नाही. मग?"

"मग काढायची."

"कधी?"

वहिनी थांबली. कधी काढते आपण? घड्याळ तर कधीच पाहिलं नव्हतं. "कडेचा सॉस काळपट लाल दिसायला लागला की. आणि वास बदलतो."

"वास बदलतो," छोटीने लिहिलं, आणि लिहिलेल्याकडे पाहत राहिली. "म्हणजे कसा?"

"आता वास कसा लिहून देणार ती तुला?" आई म्हणाल्या. "साधा चहा उतू घालवतेस तू."

"आई, तू पाव कुस्कर."

"तेच करतेय. माझ्याच वाढदिवसाला मलाच कामाला लावलंय."

वहिनीने दुसऱ्या गोळ्याच्या उरलेल्या टिक्क्या तव्यावर सोडल्या. चर्र आवाज झाला, तेलाचा थेंब उडून मनगटावर बसला. तिने त्याच्याकडे पाहिलं. कातडी लाल होत गेली, एखादी बातमी दुसऱ्याच घरची असावी तशी. दोन्ही बाजूंनी रंग आल्यावर तिने एकेक टिक्की उचलून ट्रेमध्ये ओळीने निजवली, सकाळी करून ठेवलेला टोमॅटोचा सॉस वरून ओतला आणि फॉइल चारी कडांना दाबून बसवली. तीन ट्रे भरले. चौथा मोकळा होता.

"चार वाजून गेले," छोटी म्हणाली. "राहिलेल्या मी करते हवं तर. तू अंघोळ वगैरे कर, आवर."

"होईल."

"रिक्षा साडेपाचला सांगितलीय. म्हणजे वेळेवर..." छोटीचं बोलणं अर्ध्यावर थांबलं.

ती ओट्याच्या कोपऱ्यातल्या बशीकडे पाहत होती. बशीत चार टिक्क्या वेगळ्या ठेवलेल्या होत्या, कच्च्या. इतर टिक्क्यांसारख्याच, फक्त प्रत्येकीच्या मधोमध अंगठ्याचा एक खळगा होता.

"या कुठल्या?"

"ह्यांच्या. बिनकांद्याच्या," वहिनी म्हणाली.

ती कांदा नेहमी शेवटी घालायची. खिमा, भिजवलेला पाव, अंडी, मिरपूड, मीठ, सगळं मळून झालं की चार टिक्क्यांपुरता गोळा बाजूला आणि मग कांदा. दाताखाली कांदा आला की त्याचं जेवणच संपायचं. सॉसमध्ये सगळ्या सारख्याच दिसतात म्हणून वर अंगठा दाबायचा. लग्नानंतरच्या दुसऱ्याच महिन्यात ही युक्ती सुचली होती, आणि तेव्हा तिला स्वतःचं फार कौतुक वाटलं होतं.

छोटीने वही मिटली. तिचा चेहरा मऊ झाला, मग जरा घाबरलाही. "किती लक्षात ठेवतेस गं सगळं. उद्या दादाला बरं वाटेल." दादा हा शब्द या स्वयंपाकघरात बऱ्याच दिवसांनी उच्चारला गेला होता. तिने घाईघाईने पुढे जोडलं, "म्हणजे, येणार आहे तो. तुला... तू यादी बघितली असशील."

"बघितली."

"मी सांगणारच होते."

"उद्यासाठी म्हणून नाही केल्या," वहिनी म्हणाली. "दर शनिवारी करते. तुला माहितीये की. तूच तर नेतेस."

"मी? काय नेते?"

"रविवारी. निळ्या झाकणाच्या डब्यातल्या." वहिनीने तव्याखालचा गॅस बारीक केला. ती सहज सांगत होती, जुनी, ठरून गेलेली गोष्ट सांगावी तशी. "पोरांसाठी डबा भरून नेतेस त्यात घालून. त्यांचं घर तुझ्या वाटेवरच. सोमवारी डबा रिकामा असतो. मी कधी विचारलं नाही. म्हटलं, तुला अवघडायला नको."

छोटीने वही या हातातून त्या हातात घेतली.

"वहिनी, मी कधीच नाही नेल्या."

तवा तापत होता. रिकाम्या तव्यावरून धूर निघायला लागला तेव्हा छोटीनेच पुढे होऊन गॅस बंद केला.

"मग त्या जातात कुठे?" वहिनीने विचारलं.

पाव कुस्करण्याचा आवाज थांबला होता.

"इकडे," आई म्हणाल्या आणि दोन बोटं आपल्या पोटावर टेकवली.

दोघींनी वळून पाहिलं. आई खुर्चीत ताठ बसल्या होत्या. पदरावर, मांडीवर, सगळीकडे पावाचा चुरा.

"पहिल्या रविवारच्या चार बुधवारपर्यंत फ्रीजमध्ये होत्या," त्या म्हणाल्या. "तू सकाळी दार उघडायचीस, डबा हलवून बघायचीस आणि तशीच उभी राहायचीस. फ्रीज शिट्टी वाजवायला लागायचा तरी उभी. मी इथून बघायचे. पुढच्या रविवारी हिची पोरं गेली, तू बिछाने घालत होतीस, तेव्हा नव्या चार खाऊन टाकल्या. डबाही धुतला. सोमवारी तू डबा पालथा घातलेला पाहिलास आणि त्या दिवशी कितीतरी दिवसांनी नीट जेवलीस."

"आई, अगं डॉक्टरांनी तुला खिमा..." छोटी म्हणाली.

"गप गं. मग पुढच्या रविवारी काय करायचं? परत खाल्ल्या. नऊ महिने खातेय." आईंचा आवाज चिडका झाला. त्या हळव्या झाल्या की असा व्हायचा. "गार. उभ्या उभ्या. आणि त्यात कांद्याचा एक तुकडा नाही. कसं आवडायचं त्याला, देव जाणे. रबर खाल्ल्यासारखं लागतं."

छोटी एकदम हसली आणि हसता हसता तिने तोंडावर हात दाबला. डोळे भरून आले होते. ती खिडकीकडे वळली.

वहिनी हसली नाही, रडलीही नाही. तिने बशी उचलून ओट्याच्या मध्यावर आणली आणि चारही टिक्क्यांकडे पाहिलं. छत्तीस-सदतीस रविवार. प्रत्येक रविवारी ती त्याला जेवताना पाहत होती. अनोळखी टेबलाशी बसलेला, खळगा दिसला की ओळखणारा, काही न बोलता खाणारा. ते टेबल कसं आहे हे माहीत नसल्यामुळे तिने त्याला इथलंच टेबल दिलं होतं. आता त्या जागी, अंधाऱ्या स्वयंपाकघरात फ्रीजच्या उजेडात उभी एक म्हातारी दिसत होती, नाक मुरडत घास गिळणारी.

मनगटावरचा डाग आता चुरचुरायला लागला होता. तिने तो नळाखाली धरला.

"साडेचार," छोटी खिडकीशीच उभी राहून म्हणाली. ते सांगण्यात घाई नव्हती. मग अगदी हळू, "वहिनी, तो एकटा नाही येणार."

"'दोन' लिहिलंयस ना तू."

"मला वाटलं, तुला त्रास..."

"हो," वहिनी म्हणाली. "कळलं मला."

तिने हात पुसले. मग पहिली टिक्की उचलली, मुठीत दाबून मोडली आणि परातीतल्या खिम्यात टाकली. दुसरी. तिसरी. चौथीच्या खळग्यात तिचा अंगठा क्षणभर नीट बसला, माप घेऊन केल्यासारखा. तीही मोडली. सगळं एकत्र करून तिने परात पुढे ओढली, कांद्याचं ताट आईंच्या समोरून उचललं आणि सुरी हातात घेतली.

"खरंच जाडा झालाय," ती म्हणाली. "परत एकदा बारीक करते."

"तेच म्हणत होते मी मघापासून," आई म्हणाल्या.

सुरी ताटावर भराभर चालू लागली. छोटी वळून उभी होती. वही तिच्या छातीशी तशीच, आणि वहीतलं 'वास बदलतो' अजून ओलं असावं तशी ती बोटांनी जपून धरलेली.

"रिक्षेला फोन कर," वहिनी म्हणाली. "नको म्हणून सांग. फॉइल कधी काढायची ते तुला जमणार नाही."

"पण उद्या दादासमोर..."

"सगळ्यांना दोन-दोन पुरतील. सगळ्यांसारखे खातील तेही. नाही आवडलं तर नुसता पाव आहे."

छोटीने आईकडे पाहिलं. आईंनी तिच्याकडे पाहिलंच नाही. छोटी फोन घेऊन बाहेर गेली. दाराशी बॅगेला अडखळल्याचा आवाज आला, मग बॅग आत सरकवल्याचा.

कांदा बारीक झाला. वहिनीने तो खिम्यावर पसरला, पण हात लगेच परातीत घातले नाहीत. ते ओट्याच्या कडेवर टेकून ती उभी राहिली. डोळ्यांत कांदा गेला होता. निदान तसं म्हणायची सोय होती.

"आई," ती म्हणाली, मीठ पुढे करा म्हणावं तशा आवाजात. "ते परत येणार नाहीत."

ते विचारणं नव्हतं. तरी आईंनी उत्तर दिलं.

"नाही गं बाई," त्या म्हणाल्या. "नाही येणार."