कानातली गाइड

आधीच सांगून टाकते: मी गाइड आहे, पण मी कुठेही जात नाही. पाहुणे जातात.

मी जयपूरच्या सीतापुऱ्यात, कापडाच्या एका कारखान्याच्या वरच्या मजल्यावर, काचेच्या खोलीत बसते. खुर्ची जरा मागे ढकलली की भिंतीला लागते. खिडकी नाही. समोर स्क्रीन आणि डोक्यावर हेडफोन. तिकडे पाहुण्यांच्या गळ्यात फोन अडकवलेला असतो. त्यातून त्यांच्यासमोरचं सगळं मला दिसतं, ऐकू येतं आणि मी बोलते ते त्यांच्या कानात ऐकू येतं. गाडी ड्रायव्हर चालवतो, माहिती मी सांगते. आमची कंपनी याला खासगी सहल म्हणते. ऑक्टोबर ते मार्च मी कोकणची असते, कातळशिल्पं आणि समुद्रकिनारे, तीन दिवस. एप्रिल उजाडला की मी लडाखची होते. लडाख मी जन्मात पाहिलेलं नाही, पण पाहुण्यांना धाप कुठल्या वळणावर लागेल ते मला बरोबर सांगता येतं.

कोकण मात्र माझं स्वतःचं आहे. मी राजापूर तालुक्यातल्या खारतळ्याची. आमच्या घरामागून सड्यावर वाट जाते. वर जांभ्याचा उघडा कातळ, आणि त्यात हजारो वर्षांपूर्वी कोणीतरी कोरून ठेवलेला एक पाकट मासा. लांब शेपटीचा, चपटा, दोन माणसं आरामात झोपतील एवढा मोठा. कोणी कोरला आणि कशासाठी, ते अजून कोणालाच धड ठाऊक नाही. बाबा पोस्टमन होते. टपाल वाटून आले की झाडू आणि पाण्याची कळशी घेऊन वर जायचे आणि तो मासा धुऊन काढायचे. त्या माशाच्याच नादानं मी पुरातत्त्वात एम.ए. केलं आणि नोकरी मिळाली ती इथे, जिथून आमचा समुद्र गाडीनं दीड दिवस लांब आहे.

आमचे अनिमेष सर आवाज न चढवता माणसाला घुसमटवणारे गृहस्थ आहेत. प्रत्येक खोलीत त्यांनी नियमांचं एक कार्ड चिकटवलंय. पहिला नियम असा की गाइड नेहमी जवळच असते. पाहुण्यांनी विचारलं तर मी रत्नागिरीच्या ऑफिसात असते. रत्नागिरीत आमचं ऑफिस नाही. दुसरा नियम, ड्युटीवर स्वतःचा मोबाइल बाहेरच्या लॉकरमध्ये. तिसरा, घरगुती बोलणं बंद. प्रत्येक सहल रेकॉर्ड होते आणि सर दुसऱ्या दिवशी ती चहा पीत ऐकतात.

तीन वर्षांचा करार आहे. माझे दहावीपासूनचे सगळे मूळ दाखले सरांच्या केबिनमधल्या लोखंडी कपाटात आहेत. "सेफ्टी के लिए," असं म्हणून त्यांनी ते ठेवून घेतले, आणि मी शहाणी, हसत हसत दिले. मध्येच सोडून गेलं तर दाखले मिळत नाहीत. माझ्याआधीच्या स्वप्नालीला अजून मिळालेले नाहीत. मला इथे दोन वर्षं होत आली. दिवाळीला सुट्टी मागितली तर "सीज़न है", पावसाळ्यात मागितली तर लडाखचा सीझन. दोन्ही वेळा सरांनी मला शांतपणे कॅलेंडर दाखवलं. झोटवाड्यातल्या घरून बसनं दीड तास यायचं, नऊ तास त्या पेटीत बसून समुद्राचं वर्णन करायचं आणि दीड तास परत. सगळ्याचा इतका संताप यायचा की रात्री भाजी चिरताना सुरी आपटायचे.

बाबांना यातलं काही माहीत नव्हतं. आई गेल्यापासून ते घरात एकटे. त्यांना मी सांगितलं होतं की मी पाहुण्यांना घेऊन गाडीतून हिंडते, आज चित्तोड, उद्या जैसलमेर. त्यांनी ते अख्ख्या वाडीला सांगितलं. दर रविवारी फोनवर त्यांचा ठरलेला प्रश्न असायचा, "कधी निघतेस गो?" आणि माझं ठरलेलं उत्तर, "सीझन संपला की निघतेच." मग मी तब्येत विचारायचे आणि ते म्हणायचे, "एकदम टकाटक."

जानेवारीतला मंगळवार होता. पाहुण्या एकट्याच होत्या, डॉक्टर शालन, साठीच्या पुढच्या. जन्म सांगलीचा, चाळीस वर्षं इंग्लंडमध्ये डॉक्टरकी. मराठी मात्र अजून खणखणीत. सकाळपासून माझ्याशी गप्पा मारत होत्या. सुरूच्या बनातून गाडी किनाऱ्याला लागली, ओहोटी होती, होड्या कलंडून पडल्या होत्या. मी त्यांना भरतीच्या खुणा दाखवत होते, कडा समुद्रानं कसा खाल्लाय ते सांगत होते.

"वास कसला येतोय गं हा?" त्यांनी विचारलं.

"सुकवलेल्या मासळीचा, ताई. वारा फिरला की जाईल," मी म्हणाले. माझ्या खोलीत खालच्या कारखान्यातल्या रंगाचा वास भरला होता.

"तू कुठं बसलीयस पण, भार्गवी?"

"रत्नागिरीच्या ऑफिसात." हे वाक्य मला आता जराही अडखळत नाही.

"मग संध्याकाळी भेटायला ये की. चहा घेऊ."

मी हसून वेळ मारून नेली. तेवढ्यात ड्रायव्हर संकेतनं गाडी थांबवली आणि ताईंच्या गळ्यातल्या फोनकडे बघून मला विचारलं. "मॅडम, पुढच्या सड्याचा रस्ता खणून ठेवलाय. गाडी जाणार नाही. लिस्टमधलं दुसरं घेऊ का? खारतळे?"

ते नाव लिस्टमध्ये मीच घातलं होतं, नोकरीच्या पहिल्या महिन्यात, हौसेनं. पुढे लिहिलं होतं, 'स्थानिक माहितगार: नंदकिशोर', आणि फोन नंबर. माहितगार माझे वडील आहेत हे लिहायला तिथे रकाना नव्हता, आणि बाबांनाही मी बोलले नव्हते. म्हटलं, कोणी गेलंच तर बघू. दोन वर्षांत तिकडे कोणी गेलं नव्हतं. मला नाही म्हणता आलं असतं, अजून तीन जागा होत्या. पण मला बाबा बघायचे होते. त्यांनी मला ओळखायचं काही कारण नव्हतं, माझा आवाज फक्त शालनताईंच्या कानात होता. "घ्या," मी म्हणाले, आणि ताईंनी ते संकेतला सांगितलं.

गाडी आमच्या घाटीत वळली आणि मी खुर्चीच्या कडेवर आले. ओढ्यावरचा साकव दिसला. शाळा दिसली, तिला आता हिरवा रंग दिलाय. मग आमचा पायरीचा आंबा, आमचं अंगण, आणि दारात बाबा. संकेतनं वाटेतूनच फोन केला होता म्हणून धुतलेला सदरा घालून उभे होते. बारीक झाले होते. उजवा हात सदऱ्याच्या खिशात होता. पाहुणे आलेत म्हणून ऐटीत उभे आहेत असं मला वाटलं, आणि मी इकडे एकटीच हसले.

"या, या. वर चढायचंय हां थोडं," ते म्हणाले. कळशी त्यांनी डाव्या हातात घेतली. झाडू डाव्या काखेत. शालनताई मागून चालत होत्या, त्यामुळे सगळ्या चढणभर मला बाबांची पाठ दिसत होती. उजवा पाय किंचित घासत होता. नवीन चपला असतील, असं मी मनाला सांगितलं.

सड्यावर पोचल्यावर त्यांनी झाडायला घेतलं, तेही डाव्या हातानं. मग कळशी उचलली आणि माशाच्या डोक्याकडून पाणी ओतलं. पाणी शेपटीकडून ओतायचं असतं. कातळाला तसा उतार आहे. शेपटीत ओतलं की पाणी खोबणीतून आपोआप धावतं आणि अख्खा मासा काळा होऊन वर येतो. हे मला त्यांनीच शिकवलं, मी पाच वर्षांची असताना. शेपटीकडे जायला एक उंच पायरी चढावी लागते. ते ती पायरी चढले नाहीत. पाणी तिथेच सांडून वाहून गेलं आणि मासा अर्धाच दिसला.

शालनताई माशाकडे बघतच नव्हत्या. चाळीस वर्षांची डॉक्टरकी. "काका, हात कधीपासून असा आहे?"

बाबांनी खिशाकडे पाहिलं. "दिवाळीच्या आधी झटका आला. आठ दिवस राजापूरला दवाखान्यात होतो. आता बरं आहे तसं."

"घरी कोण असतं?"

"शेजारी बघतात. मुलगी आहे, ती तिकडे लांब राजस्थानात. तिला नाय कळवलं. मोठी गाइड आहे ती, देशभर फिरते. उगाच धावत येईल, तिची नोकरी जाईल."

दिवाळीच्या आधी. म्हणजे मी कॅलेंडर बघून परत खोलीत येऊन बसले त्याच आठवड्यात.

"अगं, तू गप्प का झालीस? लाइन गेली वाटतं," शालनताई म्हणाल्या. "थांब, कानातलं काढते आणि स्पीकरवर टाकते. काकांनाही ऐकू दे तुझी माहिती."

नको म्हणायला तोंड उघडलं तोवर त्यांनी केलंच. आता गप्प राहिले तर अनिमेष सर येणार, बोलले तर बाबा ओळखणार. काचेपलीकडे सर कोणाशी तरी उभे होते आणि त्यांचं अर्धं लक्ष माझ्या स्क्रीनवर होतं. मी आवाज जाड केला. शाळेच्या नाटकातसुद्धा मला आवाज बदलता आला नव्हता.

"हे जे शिल्प आहे," मी म्हणाले, "ते पाकट माशाचं आहे. या माशाच्या शेपटीत काटा असतो, आणि..."

बाबांच्या हातातली कळशी खाली टेकली. त्यांनी शालनताईंच्या गळ्यातल्या फोनकडे पाहिलं, म्हणजे सरळ माझ्याकडे. मग सावकाश विचारलं, "ह्या मॅडम कुठून बोलतायत?"

"रत्नागिरीहून," शालनताई म्हणाल्या. "तिथेच ऑफिस आहे त्यांचं. चहाला बोलावलंय मी तिला."

"असं का?" बाबा म्हणाले. "मग जवळच की. एस्टीनं दीड-दोन तास." आणि ते वाकून झाडू उचलायला लागले. डाव्या हातानं. झाडू दोनदा निसटला.

मी काही थोर बाई नाही. त्या क्षणी मला आधी दाखलेच आठवले, दहावीचा, बारावीचा, एम.ए.चा. कार्डावरचा पहिला नियम डोळ्यांसमोर होता. गप्प राहून रात्री फोन करून सगळं समजावता आलं असतं, असंही डोक्यात आलं. पण तोवर बाबा ती वाट उतरणार होते, मुलगी दीड तासावर राहते आणि दोन वर्षांत दारात आली नाही एवढंच मनात घेऊन, एका हातात कळशी आणि काखेत झाडू सांभाळत. ते मला बघवलं नसतं.

"बाबा," मी म्हणाले, माझ्या आवाजात. "मी रत्नागिरीत नाही. जयपूरला आहे. एका खोलीत बसून बोलतेय."

शालनताईंचा कॅमेरा स्थिर झाला. बाबा झाडू तसाच ठेवून सरळ झाले.

"मग ते चित्तोड, जैसलमेर?"

"खोटं होतं."

त्यांनी मान हलवली. "माझंही टकाटक खोटंच होतं गो."

"बाबा, तुम्ही पायरीवर बसा. शालनताई, कळशीत उरलंय ते पाणी तुम्ही ओता. शेपटीकडून ओता हं, वरच्या बाजूनं."

शालनताई वर चढल्या आणि त्यांनी पाणी ओतलं. ते खोबणीतून धावलं, कल्ल्यांपाशी जरा रेंगाळलं, पुढे गेलं आणि मासा पुरा झाला. त्याच्या पलीकडे, सड्याच्या कडेला, आमचा समुद्र होता. तेवढ्यात स्क्रीन काळी झाली. सरांनी बाहेरून लाइन तोडली होती.

ते दारात आले. "ये क्या था, भार्गवी?"

"मेरे पिताजी थे, सर. मुझे घर जाना है. मेरे सर्टिफ़िकेट दे दीजिए."

"कॉन्ट्रैक्ट पढ़ लो पहले," ते म्हणाले, अगदी शांतपणे, दारातून न हलता. त्यांच्या अंगावरून गेल्याशिवाय त्या खोलीतून बाहेर पडता येत नाही. खोली तेवढीच आहे. मी हेडफोन टेबलावर ठेवला आणि सरांना खांद्यानं बाजूला सारून बाहेर आले. कपाटाकडे पाहिलंसुद्धा नाही. पाहिलं असतं तर थांबले असते, हे मला आजही पक्कं माहीत आहे.

बाहेर लॉकरमध्ये माझा मोबाइल थरथरत होता. बाबा. त्यांना आकडे दाबायला वेळ लागला असणार.

"हात कसा आहे, बाबा?" मी विचारलं. मला रडू येत होतं आणि मी ते येऊ दिलं.

"डावा उत्तम आहे," ते म्हणाले. मागे शालनताई संकेतला काहीतरी सांगत होत्या. मग बाबांनी रविवारचा प्रश्न विचारला, "कधी निघतेस गो?"

मी जिन्यावर होते. "निघालेय," मी म्हणाले.