दारापासून खुर्चीपर्यंत

धाकटीने स्वतःच्या लंगडत्या पायावर माहितीपट बनवला होता. त्यात ती जगाला खडसावत होती, ‘माझ्याकडे बघताना नजर चोरू नका!’ उद्या तो महोत्सवाला पाठवायचा, म्हणून तिने थोरल्या बहिणीला संगणकासमोर बसवले आणि स्वतः कौतुकाची वाट पाहत उभी राहिली.

ताईने शेवटपर्यंत पाहिले. मग म्हणाली, “काय गं, तू उडतेस का?”

“म्हणजे?”

“दारात उभी दिसतेस, की लगेच खुर्चीत. खिडकीशी दिसतेस, की लगेच पलंगावर. मधे चालतेस कधी?”

“त्याला संकलन म्हणतात, ताई. वेग राखावा लागतो.”

“वेग? तू त्या खोलीतून या खोलीत येईपर्यंत माझा चहा गार होतो! आणि नजर चोरू नका म्हणे.”

धाकटीच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. तिने कॅमेरा ताईच्या हातात कोंबला आणि दारापासून खुर्चीपर्यंत चालून दाखवले. मग ते चित्रण पाहिले. खांदा खाली जात होता, पाय फरपटत होता. तिचे बोट बराच वेळ खोडायच्या बटणावर घुटमळले.

“केस किती विस्कटलेत माझे,” ती अखेर पुटपुटली आणि तिने ते दृश्य माहितीपटाच्या अगदी सुरुवातीला लावले.