खुर्चीत कोण बसलंय?

त्या सकाळीही बाबांनी रिकामी वेताची खुर्ची ओढून लेकीच्या टेबलासमोर ठेवली. उभा जन्म वर्तमानपत्रात दुसऱ्यांचा मजकूर सुधारण्यात घालवलेल्या माणसाची ही घरातली रीत. लेकीचा लेख झाला की खुर्चीत वाचणारा बसवायचा, आणि तिने तो त्याला मोठ्याने वाचून दाखवायचा. स्वतः ते तिच्या पाठीमागे, कपाटाला टेकून उभे राहत.

"आज कोण बसलंय?"

लेख बंद पडणाऱ्या दवाखान्यावर होता. रांगेतली म्हातारी, ती म्हणाली. दोन परिच्छेद झाले तसा बाबांनी चष्मा कपाळावर चढवला.

"म्हातारी केव्हाच उठून गेली गं. भाषा इस्त्रीला टाकली होतीस की काय?"

तिने हसत चार वाक्यं खोडली. बाबा जरा पडतो म्हणून आत गेले, ते उठलेच नाहीत.

उद्या शोकसभा. बोलायचं तिनेच, कारण दादाने आधीच हात टेकले होते. कचेरीतले लोक डोळ्यांपुढे ठेवून लिहिलं, तर बाबांचा पुतळा झाला. आत्याला रुचेल असं लिहिलं, तर ते देवमाणूस झाले, जे ते मुळीच नव्हते. हलकंफुलकं लिहायला गेली आणि स्वतःचाच विनोद तिने खोडून टाकला.

येणाऱ्याजाणाऱ्यांच्या पायात नको म्हणून वहिनीने खुर्ची भिंतीला लावली होती. तिने कागदावरून मान वर केली, तर खुर्ची टेबलासमोर. तिने उचलून परत ठेवली. दुपारी पुन्हा समोर. घरात कुणी हात लावला नव्हता. आत्या म्हणाली, तूच ओढत असशील, सवयीने. असेलही. पण मग वेत करकरला, कुणी अंग सैल सोडून बसावं तसा. त्याला काय म्हणायचं?

तिने वाचायला सुरुवात केली. कचेरीतल्यांना बसवून पाहिलं, आत्याला बसवून पाहिलं. कुणी टिकेना. जागा भरलेली होती.

तिने कागद उपडा ठेवला.

"बाबा," ती खुर्चीला म्हणाली, "तुम्ही विचारायचात, मी कुणाचं तरी नाव घ्यायचे. म्हातारी, मास्तर, दुकानदार. पण इथे मी कधी कुणाला बसवलंच नाही. तुम्ही मागे उभे असायचात, आणि मी समोर तुम्हालाच वाचून दाखवायचे. पहिल्या ओळीपासून."