‘जाते’ म्हणायचं नसतं

पुण्याच्या कॉलेजात पद्मिनीने बावीस वर्षं फ्रेंच शिकवलं, पण अमेरिकेत आल्यापासून शाम्पूच्या बाटलीची मागची बाजू वाचण्यापलीकडे त्याचा काडीचा उपयोग झाला नव्हता. त्या शनिवारी तो होणार होता. वुस्टरच्या एका छोट्या फिल्म फेस्टिव्हलला सोलेन नावाची फ्रेंच नटी स्वतः लिहून दिग्दर्शित केलेला सिनेमा घेऊन आली होती आणि तिचा दुभाष्या ऐन वेळी आजारी पडला. तिथे व्हॉलंटियर असलेल्या अनयाने आईचं नाव परस्पर देऊन टाकलं. “आई, यू हॅव टू गेट आउट ऑफ द हाउस,” एवढंच वर सांगितलं.

घरात बसून राहण्याला कारण होतं. जानेवारीत अवधूतला, पद्मिनीच्या नवऱ्याला, ऑफिसला जाताना गाडीतच हार्ट अटॅक आला आणि सगळं संपलं. चार महिने झाले, तिच्या डोळ्यांतून टिपूस आलं नव्हतं. पुण्याला फोनसुद्धा अनयानेच केले. पद्मिनी जेवायची, कपड्यांच्या घड्या घालायची, कुणी विचारलं की “बरी आहे” म्हणायची. आत सगळं बधिर होतं, दाताच्या डॉक्टरने इंजेक्शन दिल्यावर गाल होतो तसं.

पहिला खेळ एक वाजता होता. सिनेमा संपल्यावर सोलेन आणि पद्मिनी स्टेजवर बसल्या. सोलेन सतराव्या वर्षी पडद्यावर आलेली. पुढची तीस वर्षं तिने दुसऱ्यांची वाक्यं म्हटली. “चाळिशीनंतर मला फक्त आईच्या भूमिका येऊ लागल्या,” ती सांगत होती, “त्याही फोनवरच्या आईच्या. मग मीच लिहायला बसले.” लोक हसले. पद्मिनी भराभर इंग्रजी करत होती. जमतंय की, असं तिच्या मनात आलं, पण त्याचा आनंद काही झाला नाही.

मग कुणीतरी विचारलं, पुन्हा अभिनय करणार का? सोलेन खुर्चीत पुढे सरकली. हे सांगायलाच ती एवढ्या लांब आली होती. “नटी म्हणून मी आता जाते,” ती फ्रेंचमध्ये म्हणाली.

मराठी पोरांना मराठीतून फ्रेंच शिकवण्यात पद्मिनीचा जन्म गेलेला. फ्रेंचमधून इंग्रजीत जाताना तिच्या डोक्यात वाटेत मराठी लागायचंच. आणि निघताना ‘जाते’ म्हणायचं नसतं.

“ॲज ॲन ॲक्ट्रेस,” ती माइकवर म्हणाली, “शी विल बी बॅक.”

टाळ्यांचा कडकडाट झाला. सोलेनला तेवढं इंग्रजी कळत होतं.

“माझा निरोपच खाऊन टाकलात तुम्ही,” आत गेल्यावर ती म्हणाली. आवाज चढवला नाही, पण हसलीही नाही. “आयुष्यभर लोकांनी माझ्या तोंडी आपली वाक्यं घातली. हे एक माझं होतं.”

“चुकलं माझं. आमच्याकडे निघताना ‘येते’ म्हणतात. ‘जाते’ म्हणणं अशुभ.”

“आणि जो परत येणार नसतो, तो?”

“तोही ‘येतो’च म्हणतो,” पद्मिनी म्हणाली. “माझा नवरा म्हणाला होता. मी भाजी चिरत होते, वर पाहिलंसुद्धा नाही.”

सोलेनने तिच्यापुढे पाण्याचा ग्लास सरकवला. मग म्हणाली, “चारच्या खेळाला मात्र नीट सांगा. माझ्यासाठी.”

चारच्या खेळाला तोच प्रश्न आला आणि तेच उत्तर. पद्मिनीने माइक तोंडाजवळ धरला. वाक्य सोपं होतं, चौथीतल्या पोराला जमेल असं.

“शी इज गोइंग,” ती म्हणाली. “शी इज नॉट कमिंग बॅक.”

सोलेनने मान डोलावली. पद्मिनीने माइक खाली ठेवला नाही.

“ही इज नॉट कमिंग बॅक,” ती म्हणाली.

लोकांना वाटलं, बाईंचं इंग्रजी गडबडलं, ‘शी’चं ‘ही’ झालं. कुणीतरी हलकेच हसलंही. शेवटच्या रांगेतून अनया तेवढी उठली आणि खुर्च्यांना धडकत स्टेजकडे धावत सुटली.